ती अभिनय करतच नव्हती म्हणे

चित्रपट संपला, दिवे लागले आणि नेहमीप्रमाणे सगळे खाली चहाच्या टेबलाभोवती जमले. आमच्या फिल्म सोसायटीत चित्रपटापेक्षा चहा जास्त वेळ चालतो. ज्यांच्या मताला तिथे वजन आहे असे एक काका चहावरची साय बोटाने बाजूला सारत म्हणाले, "कमाल आहे बुवा! ती पोरगी अॅक्टिंग करतच नाहीये. मुळातच अशी असणार ती. कुठल्या तरी खेड्यातून उचलून आणलेली दिसते." सगळ्यांनी माना डोलावल्या. बोलण्यात कौतुकच होतं, शंकाच नको. काकांच्या डोळ्यांच्या कडा अजून ओल्या होत्या. तरी ते वाक्य दातात अडकलेल्या बडीशेपेसारखं घरी येईपर्यंत माझ्यासोबत राहिलं, आणि पुढेही कितीतरी दिवस जीभ तिकडेच जात राहिली.

चित्रपट होता सुझाना अमाराल यांचा 'आ ओरा दा एस्त्रेला', १९८५ सालचा, ब्राझीलचा. क्लारिस लिस्पेक्टर यांच्या १९७७ च्या छोट्या कादंबरीवर आधारलेला. मकाबेआ नावाची एकोणीस वर्षांची अनाथ मुलगी ब्राझीलच्या दुष्काळी ईशान्य भागातून साओ पाउलोला येते आणि एका कळकट गोदामवजा ऑफिसात टायपिस्ट होते. टायपिंगही धड येत नाही. दोन बोटांनी कळा दाबते, कागदावर डाग पाडते. साहेब काढून टाकायची भाषा करतो तर उलट त्याचीच माफी मागते, तुम्हाला त्रास झाला म्हणून. मारिया नावाच्या तीन मुलींबरोबर एका खोलीत राहते, रात्री भांड्यावर बसून कोंबडीची तंगडी चघळते, हॉटडॉग आणि कोकाकोलावर जगते. रेडिओवर दर मिनिटाला वेळ सांगणारं एक स्टेशन आहे. दोन टिकटिकींच्या मधे ते जगाची फुटकळ माहिती देतं आणि ही ती साठवून ठेवते. मग ओलिम्पिको नावाचा, तिच्याच मुलखातून आलेला, कारखान्यात काम करणारा एक फुशारक्या मित्र भेटतो. ती त्याला रेडिओवर ऐकलेल्या शब्दांचे अर्थ विचारते. त्याला ते ठाऊक नसतात, म्हणून तो तिच्यावरच डाफरतो. ताकद दाखवायला तिला डोक्यावर उचलतो आणि धप्पकन खाली टाकतो. ती उठते, कपडे झटकते, आणि काही झालंच नाही अशा चेहऱ्याने पुढे चालू लागते.

त्या झटकण्याकडे मी नंतर पुन्हा पुन्हा पाहिलं. आधी तिला कपडे झटकायचे असतात, मग आपण झटकतोय हे त्याला दिसलं तर वाईट वाटेल असं वाटतं, म्हणून हात अर्ध्यावर मंदावतो. हे सगळं दीडेक सेकंदात. आता हे जर कुणी न करता होत असेल, तर मग अभिनय म्हणजे नक्की काय, असा प्रश्न मला त्या काकांना विचारायला हवा होता. पण आमच्याकडे काकांना प्रश्न विचारायची पद्धत नाही.

ती पोरगी म्हणजे मार्सेलिया कार्ताशो. आणि ती खरोखरच लांबच्या गावची होती, एवढं काकांचं बरोबर. पाराइबा राज्याच्या अगदी पश्चिम टोकाला काझाझेरास नावाचं शहर आहे. सेर्तांव म्हणतात तो कोरडा, काटेरी झुडपांचा, पावसाच्या लहरीवर जगणारा मुलूख. पण याच शहराचं एक बिरुद आहे, 'पाराइबाला वाचायला शिकवणारं शहर'. एकोणिसाव्या शतकात पाद्री रोलिम यांनी तिथे शाळा काढली, तेव्हापासूनचं. तर अशा गावात मार्सेलिया शाळकरी वयापासून नाटक करत होती. एलिएझेर रोलिम नावाचा जवळपास तिच्याच वयाचा मुलगा लिहायचा, बसवायचा, आणि गावातलीच पोरं नाचायची, गायची, भूमिका करायची. त्यांचं नाटक मांबेंबांव या सरकारी योजनेत निवडलं गेलं. प्रांतोप्रांतीच्या मंडळींना मोठ्या शहरांतल्या रंगमंचावर आणणारी ही योजना. साओ पाउलोच्या त्या प्रयोगाला प्रेक्षकांत सुझाना अमाराल होत्या, आपल्या मकाबेआच्या शोधात. म्हणजे तिला कुणी बसस्टॉपवरून किंवा भाजीबाजारातून उचललेलं नाही. तिला रंगमंचावरून निवडलं, प्रयोग चालू असताना, ती काम करत असताना.

सुझाना अमाराल यांचीही गोष्ट सांगण्यासारखी आहे. नऊ मुलांची आई. मुलं वाढवता वाढवता सिनेमाचं शिक्षण, मग टेलिव्हिजनसाठी माहितीपट, मग न्यूयॉर्कला जाऊन पुन्हा शिक्षण, आणि पन्नाशी ओलांडल्यावर हा पहिला कथापट. त्यांनी कादंबरीला एक मोठा धक्का दिला. पुस्तकात मकाबेआची गोष्ट एक पुरुष लेखक सांगतो. तो सतत मधे मधे येतो, स्वतःबद्दल बोलतो, तिची कीव करतो, तिच्यावर चिडतो. सुझानाबाईंनी तो पुरुष सरळ काढून टाकला. माझ्या मते हा निर्णय धाडसाचा होता आणि त्याची सगळी किंमत त्या बाविशीच्या मुलीने मोजली. कारण पुस्तकात मकाबेआच्या मनात काय चाललंय हे सांगायला कुणीतरी होतं. पडद्यावर ते काम आता तिच्या खांद्यांना, नाकाच्या शेंड्याला आणि अडखळत्या बोटांना करायचं होतं. जिच्या मनात काही चाललं आहे असं कुणालाच वाटत नाही, तिच्या मनात काय चाललंय हे दाखवायचं. आणि तेही ती मुलगी हुशार न वाटता.

एका प्रसंगी मकाबेआ दात काढायचा आहे असं खोटं सांगून कामावर दांडी मारते आणि दिवसभर खोलीत एकटी राहते. तीन मारिया कामाला गेलेल्या. रेडिओवर वॉल्ट्झची धून लागते, आणि ती चादर अंगावर घेऊन आरशासमोर नाचू लागते. तिला नाचता येत नाही, तरी ती नाचते. मला ठाऊक असलेल्या नट्यांपैकी बहुतेकींनी इथे एकतर विनोद केला असता नाहीतर करुणा. मार्सेलिया दोन्ही करत नाही. ती नुसती आनंदात असते.

याच चित्रपटात भविष्य सांगणाऱ्या बाईचं काम फर्नांदा मोंतेनेग्रो यांनी केलंय. त्या रिओच्या, रंगभूमीच्या सम्राज्ञी, पुढे ऑस्करच्या नामांकनापर्यंत पोचलेल्या. छोटंसंच काम, पण डोळे फिरवत, हातवारे करत, ऐटीत केलेलं. आमच्या चहाच्या टेबलावर कुणीही असं म्हटलं नाही की वा, खरोखरची ज्योतिषीणबाईच धरून आणलेली दिसते. तिथे सगळ्यांना अभिनय दिसला, कारण तो दिसावा असाच होता. आणि बाई शहरी, गोरी, नावाजलेली होती. ईशान्येच्या बुटक्या, किडकिडीत मुलीने तेवढंच कसब वापरलं तर मात्र ते तिचं कसब नसतं, तो तिचा स्वभाव असतो. आपल्याकडेही हे चालतंच की. वऱ्हाडी किंवा माणदेशी बोलीत कुणी नवी मुलगी पडदा हलवून सोडते, आणि आपण लगेच म्हणतो, किती नैसर्गिक! पुण्या-मुंबईची नटी ती बोली शिकून आली की म्हणतो, किती मेहनत!

ब्राझिलियाच्या महोत्सवात १९८५ साली या चित्रपटाने मुख्य बक्षिसं झाडून नेली. पुढच्या फेब्रुवारीत बर्लिन. ज्युरीच्या अध्यक्षा जिना लोलोब्रिजिदा, म्हणजे सौंदर्याच्या एका अख्ख्या जमान्याचं नाव. आणि सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं रौप्य अस्वल मिळालं ते काझाझेरासच्या या मुलीला, शार्लोत वालांद्रे या सतरा वर्षांच्या फ्रेंच मुलीबरोबर विभागून. हा मान मिळवणारी मार्सेलिया पहिली ब्राझिलियन. मला या जोडीचं फार वाटतं. शार्लोतला पुढे एचआयव्ही असल्याचं कळलं, हृदय बदलावं लागलं, तिने त्यावर पुस्तक लिहिलं आणि २०२२ मध्ये ती गेली. एकाच बक्षिसावर दोन कोवळी नावं, आणि दोघींनाही त्या संध्याकाळनंतर जे मिळालं ते बक्षिसाशी काही नातं सांगणारं नव्हतं. पुढच्याच वर्षी बर्लिनमध्ये पुन्हा एका ब्राझिलियन मुलीला हेच अस्वल मिळालं, आना बेयात्रिस नोगेरा हिला, 'वेरा'साठी. लागोपाठ दोन वर्षं. बाहेरून बघणाऱ्याला वाटलं असणार, आता ब्राझीलचा सिनेमा उड्डाण करणार.

झालं उलटंच. १९९० मध्ये फर्नांदो कोलोर राष्ट्राध्यक्ष झाले आणि आल्या आल्या त्यांनी एंब्राफिल्मे ही चित्रपटांना पैसा पुरवणारी आणि त्यांचं वितरण करणारी सरकारी संस्था बंद करून टाकली. एंब्राफिल्मेबद्दल तक्रारी पुष्कळ होत्या, पण तिच्या जागी दुसरं काहीच उभं केलं नाही. वर्षाला डझनांनी निघणारे चित्रपट दोन-तीन वर्षांत हाताच्या बोटांवर मोजण्याइतके उरले. १९९३ च्या कायद्याने करसवलती आल्या, दशकाच्या मध्यावर धुगधुगी परत आली, पण एखाद्या नटीची पंचविशी ते तिशी म्हणजे तिचा मुख्य हंगाम, आणि तोच कोरडा गेला. सुझानाबाईंचा दुसरा कथापट आला थेट २००१ साली. बर्लिनपर्यंत पोचलेल्या दिग्दर्शिकेची ही गत, तर नटीचं काय विचारता. उरल्या त्या रिओच्या टीव्ही मालिका. तिथे ईशान्येच्या उच्चारांना एकतर मोलकरणीचं काम नाहीतर हसवण्याचं. मार्सेलियानेही टीव्हीवर छोटी छोटी कामं केली, नाटकं केली, लघुपट दिग्दर्शित केले. म्हणजे ती कुठे गेली नव्हती. आपण बघत होतो त्या दिशेला ती नव्हती, इतकंच.

या सगळ्याबद्दल वाचता वाचता एक गोष्ट ध्यानात आली आणि मी हातातलं काम सोडून बसले. मकाबेआ शेवटी मर्सिडीजखाली मरते. ज्योतिषीणबाईने सांगितलेलं असतं की श्रीमंत परदेशी नवरा मिळेल, आणि ही त्याच आनंदात रस्ता ओलांडते. बारा-तेरा वर्षांनंतर 'सेंत्राल दो ब्राझील' आला, फर्नांदा मोंतेनेग्रोंचा. त्यात आना नावाची ईशान्येचीच एक बाई रिओच्या स्टेशनवर येते, दूरच्या नवऱ्याला पत्र लिहून घेते, आणि स्टेशनबाहेर बसखाली मरते. मग तिचा पोरका मुलगा आणि पत्र लिहिणारी बाई यांची गोष्ट सुरू होते. आनाचं काम केलंय सोइया लीरा हिने. सोइया कुठली? काझाझेरासची. त्याच नाटकमंडळीतली. मोंतेनेग्रोंनाही १९९८ मध्ये बर्लिनला तेच रौप्य अस्वल मिळालं, आणि ते त्यांना मिळायलाच हवं होतं, त्यात वाद नाही. पण एकाच गावच्या दोन मैत्रिणी, देशाच्या दोन सर्वांत गाजलेल्या चित्रपटांत, दोन महानगरांत, दोघीही चाकाखाली.

योगायोग म्हणून सोडून द्यावं, तर सुटत नाही.

२००२ मध्ये कारिम आइनूझ यांच्या 'मादामे सातां'मध्ये मार्सेलिया पुन्हा नीट दिसते. रिओच्या लापा मोहल्ल्यातली, १९३० च्या दशकातली लाउरिता. कडेवर पोर, धंदा शरीराचा, आणि घर कुणाबरोबर, तर लाझारो रामोसने साकारलेल्या त्या भडक डोक्याच्या, स्त्रीवेशात गाणाऱ्या माणसाबरोबर. चित्रपट सगळा लाझारोचा आहे, पण तो भडकला की प्रेक्षकाची नजर नकळत लाउरिताकडे जाते, आता किती बिघडणार आहे याचा अंदाज घ्यायला. हे दुय्यम भूमिकेचं सगळ्यात अवघड काम, आणि याला बक्षीस नसतं. पुढे 'आ इस्तोरिया दा एतेर्निदादे'मध्ये, २०१४ साली, ती आपल्या मुलखात परत येते. सेर्तांवमधलं चार घरांचं गाव, धूळ, प्रखर ऊन, आणि मुलाच्या मृत्यूने गोठून गेलेली बाई. तिथला तिचा चेहरा मकाबेआच्या चेहऱ्याच्या इतका विरुद्ध आहे की मधली वर्षं कुठे मुरली ते कळावं.

आणि मग 'पाकारेते', २०१९.

सेआरा राज्यातलं रुसास हे गाव. दिग्दर्शक अलान देबेर्तोन तिथलाच, आणि गोष्टही तिथल्याच एका खऱ्या बाईवरून सुचलेली. कधीकाळी बॅले शिकवणारी, आता म्हातारी झालेली पाकारेते आजारी बहिणीला सांभाळायला गावात राहते. रोज सकाळी घरासमोरचा फुटपाथ झाडते आणि त्यावरून चालणाऱ्या प्रत्येकावर ओरडते. फ्रेंच शब्द फेकते, पियानो वाजवते, गावाच्या दोनशेव्या वाढदिवसाला बॅले नाचून दाखवणार म्हणून नगरपालिकेत खेटे घालते. तिथल्या मंडळींना बॅले नको असतो, दणदणीत बँड हवा असतो. गाव तिला वेडी म्हणतं. घरात कामाला असलेल्या मारियाचं काम कुणी केलंय? सोइया लीराने. दोघी मैत्रिणी या वेळी एकाच स्वयंपाकघरात उभ्या राहून भांडतात, आणि कुणीही गाडीखाली येत नाही. या भूमिकेसाठी मार्सेलिया पन्नाशी उलटल्यावर बॅले शिकली. पायाची बोटं, मानेचा ताठा, मनगट वळवायची पद्धत, सगळं कमावलेलं. आणि गंमत अशी की पाकारेतेचा नाच उत्तम असून चालत नाही, तो कधीतरी उत्तम होता असं दिसावं लागतं.

हा चित्रपट मी पणजीच्या एका मैत्रिणीच्या घरी पाहिला. तिची आई गोवा मुक्त होण्याआधी पोर्तुगीज शाळेत शिकलेली. ऐंशी पार केलेली, पण कान तिखट. सबटायटल्स तिला लागत नव्हती आणि दिसतही नव्हती. त्या आधीच्या आठवड्यात तिनं मकाबेआचा जुना चित्रपट पाहिला होता. पाकारेते पहिल्यांदा किंचाळली तशी माउशी खुर्चीत सावरून बसली. "ही तीच?" तिने विचारलं. "ती तर शब्द तोंडातच ठेवायची. ही थुंकतेय." मग थोड्या वेळाने, स्वतःशीच, "आमच्या शाळेतली एक टीचर अशी होती." मला पोर्तुगीज येत नाही. जे माझ्या कानाला फक्त चढा आणि बारीक आवाज एवढंच ऐकू येत होतं, त्यात माउशीला हेल, अदब, शिव्या आणि शिष्टाचार असं सगळं वेगवेगळं ऐकू येत होतं. सबटायटल वाचून नट्यांबद्दल मतं बनवणाऱ्या माझ्यासारख्यांनी अशी एखादी माउशी शेजारी ठेवावी.

खरं सांगायचं तर 'पाकारेते' मला सगळा आवडला नाही. पहिला अर्धा तास ती इतकी ओरडते की डोकं उठतं, आणि काही ठिकाणी संगीत आपल्याला कोपराने ढोसतं, आता रडा म्हणून. पण त्यात मार्सेलियाने काहीतरी मोठं फेडून घेतलंय असं मला वाटत राहतं. मकाबेआ बंद खोलीत, कुणी पाहत नसताना नाचली होती. पाकारेतेला चौकात नाचायचं आहे, सगळ्यांसमोर, कार्यक्रमपत्रिकेत नाव छापून. ती सतत सांगत असते की मी कलावंत आहे, हे मी शिकलेय, याला वर्षं लागतात. गावाला ते पटत नाही, कारण त्यांना ती फक्त 'तशीच' वाटते. वेडी, मुळातली वेडी. हे काम करताना त्या नटीच्या मनात काय असेल याचे अंदाज बांधायचा मोह मी आवरते. तिने ते सगळं कामात घातलंय, तेवढं पुरे. ब्राझीलमधल्याच ग्रामादोच्या महोत्सवात त्या चित्रपटाला आठ किकितो, म्हणजे तिथले पुरस्कार, मिळाले, त्यातला एक तिचा. बर्लिननंतर तेहतीस वर्षांनी.

तीन वर्षांनी ग्रामादोलाच तिला पुन्हा सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा किकितो मिळाला, क्रिस्तियानो बुर्लान यांच्या 'आ मांय'साठी. तिथे ती मारिया आहे. ईशान्येतून साओ पाउलोला आलेली, रस्त्यावर माल विकणारी, एकटीने वाढवलेला मुलगा एके दिवशी घरी न आल्याने पोलीस ठाण्यांच्या आणि शवागारांच्या चकरा मारणारी आई. मुलाला पोलिसांनीच मारल्याचा संशय आहे. पुन्हा तेच शहर, पुन्हा त्या खोलीतल्या मुलींचंच नाव. फक्त ही मारिया माफी मागत नाही. ती काउंटरवरच्या माणसाकडे इतका वेळ बघत राहते की त्यालाच कागद चाळायचं नाटक करावं लागतं.

तिला मिळत असलेल्या कामांबद्दल मला आनंद आहे आणि थोडा रागही. ईशान्येची, गरीब, सोसणारी बाई म्हटलं की आता दिग्दर्शकांना तिचं नाव सुचतं, आणि ती ते प्रत्येक वेळी नवं करून देते, म्हणून पुन्हा तेच सुचतं. माझ्या हातात पैसा असता तर मी तिला रिओतल्या समुद्रासमोरच्या फ्लॅटमध्ये राहणारी, खवट, सुखवस्तू निवृत्त न्यायाधीश करीन. सुनेशी पटत नाही, कॉफी थंड असली की परत पाठवते, कुणाचंही काही ऐकून घेत नाही. हातात वर्तमानपत्र, दाराशी गाडी उभी. मर्सिडीजच, आणि तिच्याच मालकीची.